कैलास वरून खाली पाहावा

वडीगोद्रीहून वेरूळ शंभरेक किलोमीटरवर. तरीही वर्गातल्या अनेक मुलांना ते प्रथम पडद्यावरच भेटते. म्हणून वारसास्थळांवरील माहितीपट पाठ्यपुस्तकाइतकेच काटेकोरपणे तपासायला हवेत.

असाच एक माहितीपट इथल्या मुलांबरोबर पाहिला. छायाचित्रण देखणे होते. कॅमेरा प्रवेशद्वारातून आत शिरला आणि हत्तींपासून हळूहळू शिखरापर्यंत चढला. आठव्या शतकात राष्ट्रकूट राजा पहिला कृष्ण याच्या काळात हे मंदिर ‘बांधले’, असे निवेदक म्हणाला. शेवटी एका मुलीने विचारले, “एवढे दगड वर चढवले कसे?”

चूक मुलीची नव्हती, माहितीपटाची होती. कैलास बांधलेला नाही, कोरलेला आहे. डोंगराचा बसाल्ट वरून फोडत कारागीर खाली उतरले. शिखर आधी आकाराला आले, तळ शेवटी. कॅमेरा नेमका कामाच्या उलट दिशेने फिरला! मागच्या सुमारे १०७ फूट उंच कड्यावरून तो खाली आला असता, तर ही रीत शब्दांवाचून समजली असती.

दुसरी उणीव मापाची. अंगण सुमारे २७६ फूट लांब आणि १५४ फूट रुंद आहे. पण पडद्यावर ना मोजपट्टी, ना माणूस. शिल्प वीतभर आहे की पुरुषभर, हे कळत नाही. चित्रीकरणाची तारीख आणि दिशाही नाही. दहा वर्षांनी दगडाची झीज ताडून पाहायची, तर या चित्रणाचा उपयोग किती?

तिसरी गोष्ट उजेडाची. याच माहितीपटात अजिंठ्याची चित्रे लखलखीत दिसतात. अंधाऱ्या लेण्यात स्थिर छायाचित्रासाठी कॅमेऱ्याची झडप काही सेकंद उघडी ठेवता येते. चित्रपटात मात्र सेकंदाला २४ चौकटी. प्रत्येकीच्या वाट्याला फार तर १/२४ सेकंद. म्हणून दिवे आणले जातात. खनिज रंग बरेच टिकाऊ असतात, पण त्यांना धरून ठेवणारा सेंद्रिय चिकटा तसा नसतो. संग्रहालयांत नाजूक वस्तूंसाठी ५० लक्सची मर्यादा पाळतात. प्रकाशाची इजा ढोबळमानाने तीव्रता गुणिले वेळ इतकी धरली, तर ५००० लक्सची सहा मिनिटे म्हणजे ५० लक्सचे दहा तास! हा हिशेब मुलांकडून जरूर करून घ्यावा.

आणि आपल्या गावची बारव किंवा वेस मुलांना स्वतः चित्रित करू द्यावी. पहिल्या चौकटीत तारीख, उत्तर दिशेचा बाण आणि मीटरची पट्टी असावी. संगीत मागाहून घालता येते. माप मागाहून घालता येत नाही.