तिळा, जवा आणि पानी

मुलांना ‘अलिबाबा आणि चाळीस चोर’ सांगताना ‘तिळा तिळा दार उघड’ इथे आपला आवाज आपोआप खाली येतो. अलेप्पोच्या हाना दियाबने ही गोष्ट १७०९ मध्ये पॅरिसला आंत्वान गालाँ यांना सांगितली आणि १७१७ मध्ये ती फ्रेंचमध्ये छापली गेली. अद्भुतकथा म्हणून ती अव्वल आहे. खटकते ते तिला जोडले जाणारे स्पष्टीकरण: उच्चारातून कंपने निघतात, कंपनांत शक्ती असते, म्हणून शिळा हलली!

कंपने निघतात हे खरेच. पण किती शक्तीची? नेहमीच्या बोलण्यातली ध्वनिशक्ती वॅटच्या एक लाखाव्या भागाच्या आसपास असते. तेवढ्यावर कपभर पाणी उकळायचे ठरवले आणि जराही ऊर्जा वाया जाऊ दिली नाही, तरी सुमारे दीडशे वर्षे अखंड बोलावे लागेल. (काही सभांत हा प्रयोग चालू असल्याचा भास होतो, पण ते असो.)

मुळात गोष्ट असा दावा करतच नाही. तिळाला अरबीत ‘सिमसिम’ म्हणतात, फ्रेंचमध्ये ‘सेझाम’. मराठीत येताना सगळे ध्वनी बदलले, तरी दार उघडले आणि एकाही वाचकाने तक्रार केली नाही. दाराला हवा आहे तो ठरलेला शब्द. कासिम आत अडकतो तो आवाज दुबळा पडला म्हणून नव्हे. तीळ विसरून तो जवाचे नाव घेतो, मग आठवतील त्या धान्यांची. सांगणाऱ्याची करामत इथे आहे. सोन्याच्या राशी पाहून फिरलेल्या डोक्यातून निसटते काय, तर तिळासारखे क्षुल्लक धान्य.

आवाजाचे बळ आणि आवाजाचा अर्थ यांतला हा फरक आमच्या शाहूवाडी तालुक्यातल्या मुलांना समजावणे सोपे आहे, कारण पावनखिंड इथलीच. १६६० च्या त्या लढाईच्या प्रचलित कथेत बाजीप्रभू विशाळगडावरच्या तोफांची वाट पाहतात. डोंगर ओलांडून खिंडीत येईपर्यंत तोफेचा दणका कितीसा उरणार? तरी अर्थ पुरा पोचतो. खूण आधीच ठरलेली होती.

उच्चाराचीच महती सांगणारी कथाही आपल्याकडे आहे, आणि ती अलिबाबापेक्षा अवघड आहे. इंद्राला मारणारा पुत्र व्हावा म्हणून त्वष्ट्याने यज्ञ केला. ‘इंद्रशत्रु’ या शब्दात उदात्त स्वर शेवटी हवा होता; तो पहिल्या पदावर पडला. तत्पुरुषाचा बहुव्रीही झाला, ‘इंद्राला मारणारा’ऐवजी ‘इंद्र ज्याला मारणारा आहे तो’ असा अर्थ झाला आणि वृत्र इंद्राच्या हातून मेला. पतंजलीच्या महाभाष्यात हे उदाहरण येते ते व्याकरण का शिकावे हे सांगताना. स्वर चुकला म्हणून समास बदलला, समास बदलला म्हणून घात झाला. पाठांतराच्या धाकासाठी ही कथा सांगणारे ही मधली पायरी गाळतात.

ध्वनी अगदीच कोरे असतात असेही नाही. ‘बूबा’ आणि ‘कीकी’ या निरर्थक शब्दांपैकी गोलसर आकृतीचे नाव कोणते आणि टोकदार आकृतीचे कोणते, असे विचारल्यावर बहुतेक जण ‘कीकी’ टोकदार ठरवतात. २५ भाषांच्या भाषकांवर केलेला असा अभ्यास २०२२ मध्ये प्रसिद्ध झाला. बहुतेक भाषांत कल तोच दिसला. पण हा कल आहे. त्याने दार उघडत नाही.

वर्गात मात्र दार खरोखर बंद होते. ‘पानी’ म्हणणाऱ्या पोराला बाकीचे हसतात, कधी गुरुजीही हसतात, आणि ते पोर पुढे उत्तर येत असूनही हात वर करत नाही. ‘ण’ आणि ‘न’ दोन्हींत हवा नाकातून जाते. फरक जीभ कुठे टेकते एवढाच. ‘मन’ आणि ‘मण’ यांत तो फरक अर्थ बदलतो, ‘पाणी’ आणि ‘पानी’ यांत बदलत नाही. प्रमाण उच्चार जरूर शिकवावा, पण तहान कळलेली असताना शिळेसारखे उभे राहू नये.

एक खेळ करून पाहावा. एका मुलाला शिळा करावे आणि परवलीचा शब्द ‘पाणी’ ठेवावा. ‘पानी’ म्हणणाऱ्याला आत घ्यायचे का? ‘वाणी’ म्हणणाऱ्याला? अडखळत ‘पा-पा-पाणी’ म्हणणाऱ्याला? शिळेने निर्णय द्यावा आणि कारणही सांगावे. मग शब्द बदलून ‘मण’ करावा आणि नियम पुन्हा ठरवायला सांगावे.