चाळीस सूचे नाणे

ज्या वाचकांचे शिक्षण मिशनच्या शाळांतून झाले आहे, त्यांच्यापैकी अनेकांना नॉर्मन मॅकिनेल यांची ‘द बिशप्स कँडलस्टिक्स’ ही इंग्रजी एकांकिका आठवत असेल. आमच्या शाळेच्या स्नेहसंमेलनात ती दोनदा झाली. देवळातून मागून आणलेली शमादाने टेबलावर मांडलेली असत आणि कैद्याचे काम करणारा थोराड मुलगा हुंदके देऊ लागला की आमच्या माता पदराने डोळे टिपत. तुरुंगातून पळालेला एक चोर रात्री बिशपच्या घरी येतो, जेवतो, चांदीची शमादाने पळवतो. शिपाई त्याला धरून आणतात. “ती मीच त्याला दिली,” अशा अर्थाचे बिशप सांगतात, आणि चोर साधू होतो. अर्ध्या तासात पडदा पडतो.

पुढे वय वाढल्यावर हे सारे आम्हांस भाबडे वाटू लागले. एका रात्रीत माणूस बदलत असता तर आमच्या धर्मग्रामातील कितीतरी घरांत आज शांतता नांदली असती. तपसाधनेच्या तिसऱ्या दिवशी ढसाढसा रडलेली आणि पंधरवड्यात पुन्हा बाटलीकडे वळलेली माणसे कोणी पाहिलेली नाहीत? म्हणून जेव्हा आम्हांस कळले की, विसाव्या शतकातील एका नामांकित मनोविश्लेषकाने आपल्या उपचारपद्धतीचे उदाहरण म्हणून नेमका हाच प्रसंग निवडला आहे, तेव्हा आम्ही मूळ कादंबरी पुन्हा उघडली. हा लेख त्या पुनर्वाचनाचा आहे.

ते मनोविश्लेषक म्हणजे बुडापेस्टमध्ये जन्मलेले आणि पुढे शिकागोत स्थायिक झालेले फ्रान्झ अलेक्झांडर. त्यांच्या काळी मनोविश्लेषण म्हणजे आठवड्यातून चार-पाच बैठका आणि तेही वर्षानुवर्षे, असा शिरस्ता पडला होता. (स्वतः फ्रॉईड यांनी १९१० साली संगीतकार माहलर यांच्याशी लायडन गावी एकच दुपार फिरत संभाषण केले होते, हे त्यांचे अनुयायी सोयीस्करपणे विसरले असावेत.) थॉमस फ्रेंच यांच्यासह १९४६ साली प्रसिद्ध केलेल्या ग्रंथात अलेक्झांडर यांनी असे मांडले की, बदलाची खोली बैठकांच्या संख्येवर अवलंबून नसते. ज्या भावनिक प्रसंगाने मन मोडले, तसाच प्रसंग पुन्हा जगावा लागतो; पण या खेपेस समोरच्या माणसाकडून मिळणारे उत्तर निराळे असावे लागते. हे निराळे उत्तर म्हणजे जाँ वालजाँला बिशप मिर्येल यांच्याकडून मिळालेली वागणूक, असा त्यांचा दाखला.

दाखला चपखल आहे, पण उपचारकाने त्यातून काय शिकावे याविषयी आमचा मतभेद आहे. रुग्णाचा बाप कठोर असेल तर आपण मुद्दाम सौम्य व्हावे, अशा रीतीने उपचारकाने आपला पवित्रा जाणूनबुजून ठरवावा, असे अलेक्झांडर सुचवतात. यावर त्यांच्या व्यवसायबंधूंनीच झोड उठवली. हे नाटक झाले, असे ते म्हणाले. व्हिक्टर ह्यूगो यांची १८६२ ची ‘ले मिझराब्ल’ या वादात टीकाकारांची बाजू घेते. (हीच कादंबरी ख्रिस्तसभेने १८६४ साली निषिद्ध ग्रंथांच्या सूचीत घातली होती, हेही येथे नमूद केले पाहिजे.) कादंबरीत एक गोष्ट आहे. चांदीची भांडी चोरीस गेल्याचे सकाळी उघडकीस येते, तेव्हा शिपाई अजून आलेलेही नसतात. त्याच वेळी बिशप घरातल्या बाईला सांगतात की ती चांदी गोरगरिबांची होती, आपण ती इतके दिवस उगीच ठेवून घेतली, आणि तो मनुष्य गरीबच होता. म्हणजे शिपायांपुढे ते जे बोलतात तो वालजाँवर केलेला प्रयोग नव्हे. त्यांचा निर्णय आधीच झालेला आहे. बिशपनी चांगुलपणाचा पवित्रा घेतला असता, तर एकोणीस वर्षे तुलाँच्या बंदीखान्यात माणसांची पारख शिकलेल्या त्या कैद्याने तो क्षणात ओळखला असता, असे आम्हांस वाटते.

याहूनही महत्त्वाचे म्हणजे मूळ कादंबरीत वालजाँ बिशपच्या घरी रडत नाही. तो शमादाने घेऊन गावाबाहेर पडतो आणि दिवसभर रानोमाळ भटकतो. त्याच्या मनात कृतज्ञता नाही, संताप आहे. शिपायांबरोबर तुरुंगात जाणे परवडले असते, असे त्याला वाटते. दयेने त्याच्या एकोणीस वर्षांच्या कवचावरच घाव घातला आहे. संध्याकाळी एक सुमारे दहा वर्षांचा सॅव्हॉयचा पोर, पेती जर्व्हे, नाणी उडवत गात येतो. त्याचे चाळीस सूचे नाणे घरंगळते आणि वालजाँ त्यावर पाय ठेवतो. पोर रडतो, विनवतो, शेवटी पळून जातो. पाय उचलल्यावर नाणे दिसते, तेव्हा वालजाँ भानावर येतो. मुलाच्या नावाने हाका मारीत तो अंधारात धावतो. वाटेत भेटलेल्या एका धर्मगुरूच्या हाती गरिबांसाठी पैसे कोंबतो आणि ‘मला पकडा’ म्हणतो. मग तो खाली कोसळतो आणि एकोणीस वर्षांत प्रथमच रडतो.

एकांकिकेने हा मुलगाच गाळला. त्यामुळे आमच्या मातांनी पाहिला तो बदल सोपा झाला. आणि सोपा झाला म्हणूनच पुढे आम्हांस खोटा वाटला.

माँट्रियल येथे मॅकगिल विद्यापीठात काम केलेले हबीब दावनलू यांनी अल्पकालीन उपचाराची जी रीत घडवली, तिचा क्रम पाहताना आम्हांस हा माळ सारखा आठवत होता. त्यांनी बैठका चित्रफितीवर घेतल्या आणि माणूस नेमक्या कोणत्या क्षणी उघडतो हे पुनःपुन्हा पाहून तपासले. ‘मला काही वाटत नाही’ असे म्हणणाऱ्याला ते तेथेच सोडत नाहीत. नजर चुकवणे, हसून टाळणे, गप्प बसणे हे सारे त्याच्या लक्षात आणून देतात. प्रथम राग उसळतो, आणि तोही समोर बसलेल्या उपचारकावरच. तो राग पुरता जाणवला की त्याखालून अपराधीपणाची तीव्र वेदना येते, मग शोक, आणि मग ज्यांच्यावर खरे प्रेम होते त्या माणसांची आठवण. बैठका मोजक्या असतात, परंतु एकही बैठक आरामाची नसते. सर्वांना हा भार पेलवत नाही. मन फार नाजूक झालेल्या रुग्णाच्या बाबतीत ही घाई धोक्याची ठरते, म्हणून आधी पारख करूनच पुढे जावे लागते.

लंडनच्या टॅव्हिस्टॉक क्लिनिकमधील डेव्हिड मालान यांनी एक त्रिकोण सांगितला आहे: समोरचा उपचारक, आजच्या जीवनातील माणसे, आणि भूतकाळातील माणसे. एका कोनावरची भावना उरलेल्या दोहोंशी जोडली गेली की खोलवर काही हलते. ह्यूगो यांच्या प्रसंगात बिशप आणि पेती जर्व्हे हे दोन कोन ठळक आहेत. तिसरा कोठे आहे? आमच्या मते तो पहिल्याच गुन्ह्यात आहे. वालजाँने पाव चोरला तो विधवा बहिणीच्या सात लेकरांसाठी. त्या लेकरांचे पुढे काय झाले हे त्याला जवळजवळ कळलेच नाही. ज्याने एका लेकराच्या भुकेसाठी चोरी केली, तो एकोणीस वर्षांनी एका लेकराच्याच पैशावर पाय देऊन उभा आहे. ह्यूगो हे स्पष्ट बोलत नाहीत, आणि तेथेच ते थोडे कमी पडतात. एरवी ज्या गोष्टींवर ते पानेच्या पाने खर्च करतात, त्यांत यासाठी अर्धे पान सहज निघाले असते.

मालान यांची आणखी एक सवय आम्हांस आवडते. उपचार संपल्यावर काही वर्षांनी ते रुग्णाला पुन्हा बोलावून विचारीत की खरोखर काय उरले. कादंबरीचा उरलेला प्रचंड भाग म्हणजे अशीच फेरतपासणी होय. नाव बदलून प्रतिष्ठित झालेल्या वालजाँच्या जागी भलताच मनुष्य पकडला जातो, तेव्हा गप्प राहावे की कबुली द्यावी, या विचारात त्याची एक संबंध रात्र जाते. त्या एका रात्रीवर ह्यूगो यांनी खर्चलेले पान न् पान आम्हांस सार्थ वाटते. माळावरचे अश्रू खरे होते की नाहीत हे तेथे ठरते. ज्या आरोपांसाठी त्याचा शोध चालू आहे, त्यांत त्या मुलाचे चाळीस सूही आहेत, हे विसरून चालणार नाही. बिशपची चांदी माफ झाली. मुलाचे नाणे झाले नाही.

ते नाणे त्याला कधीच परत करता आले नाही. नगराध्यक्ष झाल्यावर गावातून एखादा सॅव्हॉयचा पोर जाताना दिसला की तो त्याला बोलावून घेई, नाव विचारी, आणि हातावर पैसे ठेवी. त्या पोरांत ही गोष्ट पसरली, आणि पुष्कळ पोर त्या गावावरून जाऊ लागले.