पादुआचा स्क्वार्चोने : गुरु कीं मक्तेदार ?

इटलींतील पादुआ येथील चित्रकार फ्रांचेस्को स्क्वार्चोने (मृत्यु १४६८) याचे १३७ शिष्य होते, असें स्कार्देओने यानें १५६० च्या आपल्या ग्रंथांत लिहिलें आहे. शतकानंतरच्या या लेखास आम्ही बखरीहून अधिक मान देत नाहीं. अस्सल कागद निराळें सांगतात. १४२३ त हा गृहस्थ शिंपी व कशिदाकार म्हणून नोंदलेला आढळतो. पुढें त्यानें मांतेन्या व झोप्पो यांस दत्तक घेतलें. दोघांशींही कज्जा झाला. मांतेन्याशीं १४४८ त झालेला तडजोडीचा लेख व्हेनिसच्या न्यायसभेनें १४५६ त रद्द केला. लेखाच्या वेळीं तो अज्ञान होता व फसविला गेला, हें कारण. दत्तविधानाआड फुकटची मजुरी होती, असेंच आम्हांस वाटतें.

तथापि १४६७ चा करारनामा पाहावा. फरसबंदी रेषांनीं आंखणें, तीवर खुर्ची, बाक, घर बसविणें, नग्न देहाचें माप, डोळे-नाक-कान योग्य जागीं काढणें, हें सर्व शिकविण्याचें त्यांत कलमवार वचन आहे. निव्वळ लुबाडणारा इतकें लिहून कशास देईल ? त्याच्या हातचीं निश्चित अशीं चित्रें दोनच : पादुआच्या संग्रहालयांतील लाझारा घराण्याचा वेदीपट (१४४९–५२) व बर्लिन येथील सही असलेलें माता-बालक. एवढ्यावरून त्याच्या गुरुपणाचा निकाल लावणें आम्हांस धाडसाचें वाटतें.