पोवाडा आणि पडदा

तुळशीदास शाहिराचा तानाजीचा पोवाडा पडद्यावर नीट उतरलेला मी अद्याप पाहिलेला नाही. बाबूराव पेंटरांचा १९२३ चा ‘सिंहगड’ काय, शांतारामबापूंचा १९३३ चा ‘सिंहगड’ काय, दोघांची वाट हरिभाऊ आपट्यांच्या कादंबरीवरून गेली; शाहीर मागेच राहिला. २०२० च्या हिंदी ‘तान्हाजी’त तर ‘नागिन’ नावाची अजस्र तोफ आली आणि तिच्या ओझ्याखाली रायबाचे लग्न दबून गेले.

पोवाड्याचे मर्म मात्र त्या लग्नातच आहे. इकडे जिजाऊ सोंगट्यांचा डाव जिंकून कोंढाणा मागते, तिकडे उमरठ्याला लग्नाची घाई. ऐकणाऱ्याला शेवट आधीच ठाऊक असतो, म्हणून नुसत्या हळदीच्या उल्लेखाने पोटात कालवते. डफ, तुणतुणे आणि मागे झीलकरी एवढ्या सामग्रीवर शाहीर एकटाच जिजाऊ होतो, तानाजी होतो, उदेभानही होतो.

गटेच्या १७८२ मधील ‘एर्लकोनिग’ या जर्मन कथाकाव्याची जात हीच. रात्री घोड्यावर बाप, कुशीत मूल, आणि फक्त मुलालाच दिसणारा पिशाच्चांचा राजा. शूबर्टने १८१५ साली चाल लावली ती निवेदक, बाप, मूल आणि पिशाच्च या चौघांना एकाच गळ्यात ठेवून. तो राजा मुकुट घालून दूरदर्शनच्या पडद्यावर उभा केला की संपले! बाप खरा की मूल, हा प्रश्नच उरत नाही. आपल्या घोरपडीचेही तेच. गाण्यात ती अंगावर काटा आणते, रबराची केली की पोरे हसतात.

सीमाभागात हा प्रश्न दोन भाषांत पडतो. १८३१ मध्ये नंदगडला फाशी गेलेल्या संगोळ्ळी रायण्णाचा कानडी पोवाडा फ्लीटसाहेबाने १९व्या शतकात छापून ठेवला. २०१२ साली त्याच्यावर भव्य कानडी चित्रपटही निघाला. परिणाम असा की, आपल्या घरांतली मुले तानाजीला हिंदी नटाच्या चेहऱ्याने ओळखतात, रायण्णाला कानडी नटाच्या. दोघांचे गाणे मात्र कुणालाच पाठ नाही. मला याची खंत त्या तोफेपेक्षा जास्त वाटते.

मालिका करणाऱ्याने शाहिराला चौकटीबाहेर काढू नये, लढाई दोन कडव्यांत उरकावी. आणि शेवटी कॅमेरा सिंहगडावर न ठेवता आपल्या शेजारच्या चंदगड तालुक्यात, पारगडावर आणावा. बापाविना बोहल्यावर चढलेला रायबा तिथेच किल्लेदार होता, आणि मालुसऱ्यांचे वंशज तिथलेच.