फर्मान, नोंदवही आणि विहार : जपानच्या समाजक्रांतीची एक चिकित्सा

राजकीय संकटाला राष्ट्र कसे सामोरे जाते आणि सामाजिक प्रश्नाला समाज कसे उत्तर देतो, याची चर्चा निघाली की आपल्याकडे जपानचे उदाहरण हमखास दिले जाते. १९०५ साली जपानने रशियाचा पराभव केला, तेव्हापासून हे कौतुक चालत आले आहे. त्यामागे एक गृहीत दडलेले असते. राष्ट्र एकदा बलवान आणि स्वतंत्र झाले की सामाजिक विषमतेचे प्रश्न त्याच्या मागोमाग सुटत जातात, असे ते गृहीत आहे. ‘आधी राजकीय की आधी सामाजिक’ या जुन्या वादात म्हणूनच जपानला साक्षीस उभे केले जाते. ही साक्ष खरी मानली, तर डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी १९३६ च्या ‘जातिनिर्मूलन’ या भाषणात मांडलेला सिद्धांत डळमळीत होतो. राजकीय क्रांतीच्या आधी धार्मिक व सामाजिक क्रांती घडावी लागते, असे त्यांचे प्रतिपादन होते. चंद्रगुप्ताच्या राज्यक्रांतीपूर्वी भगवान बुद्धांची क्रांती झाली, हा त्यांनी दिलेला एक दाखला. जपानमध्ये मात्र क्रम उलटा दिसतो. तेथे राज्यक्रांती आधी झाली आणि तिने एका हुकमाने अस्पृश्यता रद्द केली. म्हणून ही साक्ष तपासून घेणे आवश्यक आहे.

घटनाक्रम थोडक्यात असा. १८५३ मध्ये अमेरिकन आरमारी अधिकारी पेरी याची चार जहाजे उरागाच्या किनाऱ्याशी आली. १८६८ मध्ये तोकुगावा राजवट संपून सम्राट मेइजीच्या नावाने नवे सरकार स्थापन झाले. १८७१ मध्ये सरंजामी जहागिरी बरखास्त झाल्या, १८७२ मध्ये शिक्षणाचा आणि १८७३ मध्ये सक्तीच्या लष्करभरतीचा कायदा झाला, १८८९ मध्ये राज्यघटना आली. इतिहासकार आर्नोल्ड टॉयन्बी यांच्या भाषेत बोलायचे तर आव्हान आले आणि एका सर्जनशील अल्पसंख्य गटाने त्याला प्रतिसाद दिला. हा गट मुख्यतः सात्सुमा आणि चोशू या जहागिरींतील सामुराईंचा होता.

याच वेगवान प्रतिसादात १८७१ सालचे ते फर्मान निघाले. तोकुगावा काळात चामड्याचे काम करणाऱ्या, मेलेली जनावरे ओढणाऱ्या लोकांना ‘एता’, म्हणजे अति मलिन, आणि भिक्षा मागणाऱ्या व अन्य बहिष्कृत लोकांना ‘हिनिन’, म्हणजे अमानुष, असे म्हणत. फर्मानाने ही नावे रद्द केली आणि या लोकांचा दर्जा व व्यवसाय सामान्य रयतेप्रमाणे राहील असे घोषित केले. यामागे सामाजिक न्यायाची प्रेरणा किती आणि महसुलाची निकड किती, हे वाचकांनीच ठरवावे. नव्या राज्याला सर्व जमिनीवर एकसारखा कर आणि सर्व प्रजेची एकसारखी नोंदणी हवी होती. फर्मानाबरोबर या लोकांना मिळणारी करातील सूट गेली, चामड्याच्या धंद्यावरचा त्यांचा परंपरागत हक्कही गेला. त्याच्या बदल्यात जमीन, भांडवल किंवा शिक्षण यांची कोणतीही तरतूद केली गेली नाही. मान मिळाला तो कागदावर. पोट मात्र त्याच दिवसापासून उघडे पडले.

समाजाने या फर्मानाला काय उत्तर दिले? १८७३ मध्ये मिमासाका प्रांतात लष्करभरतीविरुद्ध शेतकऱ्यांचे बंड झाले. त्या बंडखोरांनी या लोकांच्या वस्त्यांवर हल्ले केले, घरे जाळली, माणसे मारली. जुने नाव परत लावा, ही त्यांची एक मागणी होती. सरकारी कचेरीतही काही वेगळे घडत नव्हते. १८७२ च्या कुटुंब-नोंदवहीत अनेक ठिकाणी या लोकांच्या नावापुढे ‘नवे रयत’ असे लिहिले गेले. आपल्याकडे ‘नवबौद्ध’ या शब्दातील ‘नव’चा अनुभव घेतलेल्यांना या ‘नव्या’ शब्दातील टोचणी समजावून सांगण्याची गरज नाही. शिवाय ज्या राज्याने तळची पायरी कागदावर पुसली, त्याच राज्याने वरची पायरी नव्याने बांधली. १८६९ मध्ये उमरावांचा वेगळा वर्ग निर्माण झाला, १८८४ मध्ये त्याच्या पाच श्रेणी ठरल्या आणि सर्वांच्या वर दैवी सम्राट बसला.

राष्ट्राने आपले संकट निवारले. समाजाला प्रश्न विचारलाच गेला नव्हता. २५ नोव्हेंबर १९४९ रोजी संविधान सभेत बाबासाहेबांनी सामाजिक लोकशाहीच्या पायाशिवाय राजकीय लोकशाही टिकणार नाही असा जो इशारा दिला, त्याचा पुरावा जपानच्या नोंदवहीत आधीच लिहिलेला होता.

परंतु बौद्ध वाचकांसाठी याहून कठीण असा भाग पुढे आहे. राज्य प्रश्न विचारत नव्हते, तर तो विचारण्याचा अधिकार आणि कर्तव्य ज्यांचे होते त्या विहारांनी काय केले? तोकुगावा काळात, ख्रिस्ती धर्माचा बीमोड करण्याच्या हेतूने, प्रत्येक कुटुंबाची नोंद एखाद्या बौद्ध मंदिरात असणे सक्तीचे झाले. म्हणजे कोण कोणत्या कुळातला, याची वही भिक्षूंच्या हाती आली. बहिष्कृतांची मंदिरे वेगळी ठेवली गेली. मृत्यूनंतर प्रत्येकाला धम्मनाम देण्याची तेथे प्रथा आहे. त्या नावातही ‘पशू’, ‘चामडे’ अशा अर्थाची चिन्हे घालून मृताची जात थडग्यावर कोरली गेली. काही नावांत ‘सेंदारा’ हा शब्द येतो. हा शब्द जपानी नाही. तो आपला ‘चांडाल’ आहे. चिनी लिप्यंतरातून तो जपानला पोहोचला.

तो पोहोचला बौद्ध ग्रंथांतूनच. शुद्ध भूमी पंथाच्या, अमितायुर्बुद्धाच्या ध्यानावरील सूत्रात अजातशत्रू आपल्या मातेवर तलवार उपसतो, तेव्हा अमात्य चंद्रप्रभ आणि वैद्य जीवक त्याला अडवतात. राज्यासाठी पित्याला मारणारे राजे होऊन गेले, पण मातृहत्या हे क्षत्रियाला शोभणारे नव्हे, ते चांडालाचे कृत्य आहे, असा त्यांचा युक्तिवाद आहे. भाष्यकारांनी ‘सेंदारा’चा अर्थ लावताना जपानमधील ‘एता’कडे बोट दाखवले. आणि विटंबना अशी की, बहिष्कृतांपैकी बहुसंख्य लोक याच परंपरेतील जोदो शिनशू पंथाचे निष्ठावान उपासक होते.

हे महायानाचे, जपानी विकृतीचे प्रकरण आहे, आपला त्याच्याशी काय संबंध, असे म्हणून मोकळे होणारे विद्वान आपल्यातही आहेत. हे उत्तर सोयीचे आहे, पुरेसे नाही. सुत्तनिपातातील वसल सुत्त सर्वच बौद्धांना उपलब्ध होते. माणूस जन्माने हीन ठरत नाही, कर्माने ठरतो, हे तेथे चांडालपुत्र मातंगाच्याच दाखल्याने सांगितले आहे. उपाली न्हावी आणि सुनीत सफाई कामगार हे संघाचे आदरणीय भिक्खू होते. सूत्रात काय आहे हे एक, आणि संघ त्यातले काय पाठ करतो हे दुसरे. भिक्खू परिपूर्ण माणूस व्हावा की समाजसेवक, हा प्रश्न बाबासाहेबांनी ‘बुद्ध आणि त्यांचा धम्म’ या ग्रंथाच्या प्रास्ताविकात उपस्थित केला तो याचसाठी. आपल्या वधू-वर मेळाव्यांत पोटजात हळूच विचारली जाते, तीही एका न लिहिलेल्या वहीतली नोंदच आहे.

जपानमध्ये खरा प्रतिसाद आला तो १९२२ मध्ये. ३ मार्च रोजी क्योतो येथे सुइहेइशा या संघटनेची स्थापना झाली. ‘सुइहेइ’ म्हणजे पाण्यासारखी समपातळी. (महाडच्या तळ्याचा संग्राम यानंतर पाच वर्षांनी झाला.) तिचा जाहीरनामा लिहिणारा साइको मांकिची हा शिनशू मंदिरात जन्मलेला पुरोहिताचा मुलगा. ज्या नावाने हिणवले गेले तेच नाव त्याने ताठ मानेने उच्चारले आणि दयेपोटी केलेल्या सुधारणा नाकारल्या. या संघटनेच्या पहिल्या कृतींपैकी एक म्हणजे पूर्व व पश्चिम होंगानजी या मठांना दिलेली नोटीस : वीस वर्षे आमच्याकडून दान गोळा करू नका. येथे टॉयन्बींचा सिद्धांत अपुरा पडतो. त्यांच्या मांडणीत सर्जनशील अल्पसंख्य पुढे जातात आणि बहुजन त्यांचे अनुकरण करतात. जपानच्या सामाजिक प्रश्नावर सर्जनशील ठरले ते सामुराई नव्हेत, ज्यांना माणूसच मानले गेले नव्हते ते. त्यांनी अनुकरण तर केले नाहीच, उलट आपल्याच धर्मसंस्थेला जाब विचारला.

राज्याला यानंतरही बराच काळ लागला. १९४७ च्या घटनेने सामाजिक दर्जा व कुळ यांवरून भेद करण्यास बंदी केली. १९६९ मध्ये विशेष कायदा झाला आणि २००२ पर्यंत घरे, रस्ते, शिक्षण यांवर मोठा खर्च झाला. १९९३ च्या शासकीय पाहणीत अशा ४,४४२ वस्त्या नोंदल्या गेल्या. खर्चाने वस्त्या सुधारल्या, हे मान्य केले पाहिजे. पण १९७५ मध्ये उघड झाले की या वस्त्यांच्या पत्त्यांची छापील यादी गुप्तपणे विकली जात होती, आणि नोकरीसाठी आलेल्या उमेदवारांची पारख करण्यासाठी मोठमोठ्या कंपन्या ती विकत घेत होत्या. जुनी वही बंद झाली की बाजार नवी वही छापतो. भेदभाव अजूनही आहे हे मान्य करणारा कायदा २०१६ मध्ये करावा लागला.

विहारांचे उत्तर सर्वांत उशिरा आले. १९७९ मध्ये अमेरिकेतील प्रिन्स्टन येथे धर्म आणि शांतता या विषयावरील जागतिक परिषदेत सोतो झेन पंथाचे प्रशासकीय प्रमुख आणि जपानी बौद्ध महासंघाचे अध्यक्ष माचिदा मुनेओ यांनी जपानमध्ये असा भेदभाव नाहीच, असे सांगून अहवालातील उल्लेख काढायला लावला. बुराकू मुक्ती संघटनेने या विधानाचा जाहीर जाब विचारला. १९८४ मध्ये नैरोबीच्या परिषदेत माचिदांनी आपले विधान मागे घेतले. त्यानंतर सोतो पंथाने आपल्या मंदिरांतील मृतांच्या वह्या तपासायला घेतल्या. पानापानांतून अपमानकारक धम्मनामे शोधली गेली, ती बदलून नवी नावे दिली गेली आणि जुनी कोरीव अक्षरे असलेले दगड हलवण्यात आले. फर्मान निघाल्याला तेव्हा शंभराहून अधिक वर्षे लोटली होती.