गोगोलची ‘शिनेल’ आणि तिचे वारसदार

रशियन कथावाङ्मयाचा विषय निघाला की एक वचन हटकून पुढे येते. आपण सारे गोगोलच्या ओव्हरकोटातून बाहेर पडलो, अशा आशयाचे हे वचन दस्तयेव्हस्कीच्या नावावर मोडते. दस्तयेव्हस्कीच्या लेखनात मात्र ते कोठेही सापडत नाही. ते युरोपभर पसरले ते मेल्क्योर द व्होग्युए या फ्रेंच गृहस्थामुळे. पीटर्सबर्गच्या फ्रेंच वकिलातीत काही वर्षे काढलेल्या व्होग्युएने रशियन कादंबरीवर लेख लिहिले आणि १८८६ मध्ये त्यांचा ग्रंथ प्रसिद्ध केला. रशियन लेखकांच्या तोंडचे म्हणून हे वचन त्याने नोंदविले. पुढच्यांनी त्यास दस्तयेव्हस्कीचे नाव चिकटविले. एका अपरिचित वाङ्मयाची वंशावळ फ्रेंच वाचकास एका वाक्यात सांगण्याची ती सोय होती. सोय म्हणून तिला कोणी हरकत घेऊ नये. परंतु हे वचन मनात ठेवून मूळ ग्रंथांकडे वळणाऱ्यास जे दिसावयास हवे तेच दिसेनासे होते, ही खरी अडचण आहे.

१८४२ मध्ये प्रसिद्ध झालेल्या या कथेचा सांगाडा सर्वांच्या परिचयाचा आहे. अकाकी अकाकियेविच बाश्माच्किन हा वर्षास सुमारे चारशे रूबल मिळविणारा नक्कलनवीस. पीटर महानने १७२२ मध्ये घालून दिलेल्या चौदा श्रेणींच्या उतरंडीत तो नवव्या श्रेणीवर आहे आणि तेथेच राहणार आहे. जुन्या कोटाला ठिगळ लावण्यासही जागा उरलेली नाही, असे पेत्रोविच शिंपी सांगतो. मग ऐंशी रूबल जमविण्यासाठी संध्याकाळचा चहा बंद होतो, मेणबत्ती बंद होते. कोट शिवून होतो, ज्या दिवशी अंगावर येतो त्याच रात्री लुटला जातो. दाद मागावयास गेलेल्या अकाकीला एक बडी असामी दरडावून बाहेर घालविते आणि तो तापाने मरतो. पुढे त्याचे भूत शहरात लोकांचे कोट हिसकावीत फिरते.

एवढ्या सांगाड्यावरून ही कथा करुणेची ठरते, आणि बेलिन्स्कीच्या प्रभावाखालील समीक्षेने तिला तशीच ठरविली. बुल्गारिनने १८४६ मध्ये उपहासाने योजलेले ‘नैसर्गिक संप्रदाय’ हे नाव बेलिन्स्कीने अभिमानाने उचलले आणि त्या संप्रदायाच्या मूळस्थानी गोगोलची स्थापना केली. चेर्निशेव्हस्कीने १८५५-५६ मध्ये एका संपूर्ण वाङ्मयीन कालखंडालाच गोगोलचे नाव दिले. या समीक्षकांचा हेतू उदात्त होता; दास्यपद्धती अद्याप कायदेशीर असलेल्या देशात वाङ्मयाकडून न्यायाची अपेक्षा धरणे यात गैर ते काय? तथापि त्यांच्या वाचनाचा सारा भार कथेच्या प्रारंभीच्या एका परिच्छेदावर पडला. सहकाऱ्यांच्या थट्टेने गांजलेला अकाकी काकुळतीला येतो आणि एका तरुण कारकुनाला त्या शब्दांमागे बंधुत्वाची हाक ऐकू येते, तो हा परिच्छेद.

बोरिस आयखेनबाउमने १९१९ मध्ये प्रसिद्ध झालेल्या आपल्या निबंधात या वाचनाच्या मुळावरच घाव घातला. कथा कशी ‘घडविली’ आहे असे तो विचारतो आणि उत्तर निवेदकाच्या बोलण्यात शोधतो. हा निवेदक विसराळू आहे, फापटपसारा लावणारा आहे, शब्दांच्या नादाने वाहवत जाणारा आहे. बाश्माच्किन हे आडनाव जोड्यावरून आले हे सांगताना तो बापाचे, आजोबाचे बूट मोजतो आणि त्या ओघात मेहुण्यालाही ओढून आणतो. वस्तुतः मेहुण्याचा त्या आडनावाशी संबंध काय? आयखेनबाउमच्या मते तो करुण परिच्छेददेखील याच नाट्याचा एक भाग आहे. विनोदी सुरास छेद देणारा दुसरा सूर, एवढीच त्याची कामगिरी. १९३८ मध्ये चिझेव्हस्कीने ‘सुद्धा’ या अर्थाच्या एका क्षुल्लक अव्ययाचा कथेतील वापर तपासला. ते अव्यय काही मोठे सांगणार असा आव आणते आणि मागून येते ते अगदीच किरकोळ काही, हे त्याने दाखविले.

आयखेनबाउमचे म्हणणे मला निम्मे मान्य आहे. करुणा हा लेखकाचा उपदेश नव्हे, हे त्याने सिद्ध केले. पण ती निव्वळ सुरांची अदलाबदल ठरत नाही. त्या परिच्छेदापर्यंत अकाकीला हसणाऱ्यांत वाचकही सामील असतो. तरुण कारकून थबकतो तेव्हा वाचकही पकडला जातो, आणि निवेदक पुन्हा थट्टा करू लागताच वाचक पुन्हा हसतो. असे हसू देण्यात गोगोलची जी निर्दयता आहे तिचा हिशेब बेलिन्स्कीच्या परंपरेने मांडला नाही, आणि आयखेनबाउमनेही नाही.

तो हिशेब मांडला दस्तयेव्हस्कीने, आणि तोही फार लवकर. १८४६ मध्ये नेक्रासोव्हच्या संग्रहात प्रसिद्ध झालेल्या ‘गरीब लोक’ या त्याच्या पहिल्याच कादंबरीचा नायक माकार देवुश्किन हाही नक्कलनवीसच आहे. त्याला प्रथम पुश्किनची ‘चौकीदारा’ची कथा वाचावयास मिळते आणि ती त्याला आपल्याच हृदयातून निघाल्यासारखी वाटते. नंतर गोगोलची कथा हाती येते आणि तो संतापतो. गरिबाने आपले फाटके झाकून ठेवावे आणि कोणी लेखकाने चोरपावलांनी येऊन ते चव्हाट्यावर मांडावे, याचा त्याला अपमान वाटतो. निदान शेवट तरी बरा करावयाचा होता, वरिष्ठाने त्या बिचाऱ्याला बोलावून पगार वाढवून द्यावयाचा होता, असेही तो सुचवितो.

ही भाबडी तक्रार दस्तयेव्हस्कीने कादंबरीच्या रचनेतच खरी करून दाखविली आहे. देवुश्किन वरिष्ठांपुढे उभा असताना त्याचे लोंबते बटण तुटून घरंगळत जाते. आणि ते साहेब दरडावण्याऐवजी त्याला शंभर रूबल देतात, त्याचा हात हातात घेतात. गोगोलच्या बड्या असामीने जे केले नाही ते येथे घडते. तरीही देवुश्किनचे दुःख टळत नाही, कारण ज्या वार्वारासाठी तो जगतो ती बिकोव्हशी लग्न करून निघून जाते. याहून महत्त्वाची गोष्ट अशी की, अकाकीच्या तोंडी गोगोलने अर्धवट वाक्ये आणि अव्यये याखेरीज फारसे काही ठेवले नाही. देवुश्किनला दस्तयेव्हस्कीने पत्रे दिली. हसविणारा निवेदक त्याने हद्दपार केला आणि नक्कलनवीसाच्याच हाती लेखणी दिली. अशा संबंधास वारसा म्हणण्यापेक्षा वाद म्हणणे अधिक योग्य होईल. ओव्हरकोटातून ‘बाहेर पडणे’ या शब्दप्रयोगात तो वाद पूर्णपणे बुजून जातो.

आपल्याकडे गोगोल आला तो मुख्यतः इंग्रजीच्या वाटेने. पु. ल. देशपांडे यांच्या ‘अंमलदार’मुळे त्याचे नाटक मराठी रंगभूमीवर रुजले, कथेचे भाग्य तितके थोर नाही. रशियन ‘शिनेल’ हा शब्द स्त्रीलिंगी आहे, आणि नव्या कोटाचा ध्यास घेतलेल्या अकाकीविषयी निवेदक असे बोलतो की जणू त्याचे लग्नच ठरले आहे, जन्माची सोबतीण त्याला मिळाली आहे. उलट जुन्या कोटाला सहकाऱ्यांनी ठेवलेले ‘कपोट’ हे नाव बायकांच्या घरगुती झग्याचे, पण व्याकरणाने पुल्लिंगी. इंग्रजीत कोटाला लिंगच नाही. आणि इंग्रजीवरून मराठीत येताना तो पुल्लिंगी होऊन बसतो. ‘डगला’ म्हटल्यानेही सुटका नाही, आणि ‘शाल’ म्हणावे तर सरकारी कचेरी नाहीशी होते. कथेतील सर्वांत कोवळा आणि सर्वांत विपरीत विनोद असा निसटतो, आणि मागे उरते ती केवळ करुणा. बेलिन्स्की न वाचलेल्या मराठी वाचकालाही ही कथा बेलिन्स्कीसारखीच का दिसते, याचे एक कारण मला येथे दिसते.

राजिंदरसिंग बेदी यांच्या ‘गरम कोट’ या उर्दू कथेचे आणि तिच्यावरील १९५५ च्या हिंदी चित्रपटाचे गोगोलशी असलेले नाते नेहमी सांगितले जाते. ती कथा ‘दाना-ओ-दाम’ या संग्रहातील. तिच्यात कारकून आहे, जीर्ण कोट आहे, तुटपुंजा पगार आहे. पण येथे कारकून स्वतःच बोलतो, आणि त्याला बायकामुले आहेत. गोगोलने ज्या रिकाम्या जागी कोट आणून बसविला, त्या जागी बेदींच्या कथेत बायको अगोदरच आहे, आणि नवऱ्याच्या अंगावर गरम कोट यावा ही तळमळ तिचीही आहे.