कलियुगाचा उतार आणि कोंडाण्याचा दगड

आधीच सांगून टाकतो, मी समीक्षक नाही. खोपोलीच्या एका पेपर मिलमध्ये पाळीवर काम करतो, कविता लिहितो. संस्कृत मला येत नाही. पुराणं वाचली ती मराठीतून, तीही रात्रपाळीच्या सुट्टीत. पण दिवसाचे आठ तास विकून जगणाऱ्याला काळाबद्दल बोलायचा हक्क आहे, एवढं मी धरून चालतो.

पुराणांतला काळ हा घड्याळातला काळ नाही. तो एक मुलूख आहे. त्याला वर-खाली आहे. अगदी वर ब्रह्मलोक. त्याखाली उतरत जाणाऱ्या चार पायऱ्या: सत्ययुग १७ लाख २८ हजार वर्षांचं, त्रेता १२ लाख ९६ हजार, द्वापर ८ लाख ६४ हजार, आणि तळाला कलियुग, ४ लाख ३२ हजार. धर्म म्हणजे बैल. वरच्या पायरीवर तो चारी पायांवर उभा, आपल्या पायरीवर एका पायावर लंगडणारा. कल्पना जबरदस्त आहे, हे मी नाकारत नाही. हे कुणा ऐऱ्यागैऱ्या कवीचं काम नव्हे. म्हणूनच ते बारकाईने तपासायला हवं.

त्या मुलखातली एक गोष्ट घ्या. ककुद्मी राजा आपल्या रेवतीला घेऊन ब्रह्मलोकात जातो, हिच्यासाठी नवरा कोण बघू, हे विचारायला. तिथे गाणं चाललेलं असतं. राजा थांबतो. गाणं संपल्यावर विचारतो, तर ब्रह्मदेव हसतो. तू मनात धरलेली स्थळं, त्यांची नातवंडं-पतवंडं, सगळी गेली. खाली सत्तावीस चतुर्युगं उलटली! हा हिशेब मी हजेरीच्या कार्डामागे करून पाहिला. ११ कोटी ६६ लाख ४० हजार वर्षं होतात. आपल्या राजमाचीचा काळा दगड लाव्हाचा, साधारण साडेसहा कोटी वर्षांचा. म्हणजे गाणं सुरू झालं तेव्हा सह्याद्री अजून जन्मायचा होता.

आता माझा प्रश्न. एवढ्या काळात खाली किती बाया बाळंत झाल्या, किती माणसं राबून मेली? गोष्टीत त्यांच्या वाट्याला काय आलं? मेल्याची बातमी, तीही राजघराण्यांपुरती. वर बसलेल्याचं एक गाणं आणि खालच्यांच्या सगळ्या पिढ्या, असा हा भाव आहे. मला पाळीला पाच मिनिटं उशीर झाला की अर्धा खाडा लागतो. वरच्याचा काळ एका मापाने आणि खालच्याचा दुसऱ्या मापाने मोजायचा, ही युक्ती जुनीच आहे.

बाबासाहेबांनी नेमकी हीच युक्ती पकडली. ‘रिडल्स इन हिंदुइझम’ १९८७ मध्ये महाराष्ट्र शासनाने छापलं, तेव्हा केवढं वादळ उठलं ते आपल्याला ठाऊक आहे. त्यात कलियुगाचं कोडं आहे. संधिकाळ धरून कलियुग १२०० वर्षांचं. मग ही वर्षं माणसांची नव्हेत, देवांची, असं ठरवून ती ३६० ने गुणली. झाली ४ लाख ३२ हजार! संपायला आलेलं युग संपेनासं झालं. त्याआधी १८७३ मध्ये जोतीरावांनी ‘गुलामगिरी’त अवतारांची साल काढून आत माणसांचा झगडा दाखवला. मी याला समीक्षा म्हणतो.

ही जुनी पोथी आज कशाला उकरायची, असं कुणी म्हणेल. १९ जुलै २०२३ च्या रात्री आपल्या खालापुरात इर्शाळगडाखालच्या ठाकरांच्या वाडीवर डोंगर आला. २७ मृतदेह मिळाले. ५७ माणसं सापडलीच नाहीत. चार दिवसांनी शोध थांबवला. वाडीला गाडीरस्ता नव्हता. दरडप्रवण गावांच्या सरकारी यादीत वाडीचं नावही नव्हतं. आमच्या पाळीतला एकजण म्हणाला, “कलियुग आहे बाबा, असंच व्हायचं.” माणूस वाईट नाही, मदतीला त्यानेही पैसे दिले. पण त्याच्या एका शब्दाने यादी करणारे सुटले. काळच उताराला लागलाय म्हटलं की दरड ही कुणाची जबाबदारी उरत नाही.

इथवर तुम्ही माना डोलावल्या असतील. आता आपल्याच घरात शिरतो.

आपल्या कवितेतही एक सत्ययुग आहे. मी स्वतः ते लिहिलंय. कर्जतच्या एका कविसंमेलनात मी कोंडाण्याच्या लेण्यावर कविता वाचली. बुद्धाच्या काळी सगळं कसं सोन्याचं होतं, कुणाला दुःख नव्हतं, असा तिचा भाव. टाळ्या पडल्या. घरी आत्याला वाचून दाखवली. तिने जन्मभर खडी फोडली. ती म्हणाली, “सगलं खरं रं पोरा, पन त्यो डोंगर फोडला कोनी? त्येंचं हात दुखलं नसतील?”

मी गप्प. बुद्धाने सुरुवातच ‘दुःख आहे’ इथून केली, आणि मी त्याच्याच नावाने दुःख नसलेला मुलूख रचून मोकळा! म्हणजे उतार तोच ठेवला, फक्त वरच्या पायरीवरची मूर्ती बदलली.

पुढच्या सुट्टीला कोंदिवड्याहून चालत लेण्यावर गेलो. चैत्याच्या दर्शनी भागात एका तुटक्या शिल्पाशी ब्राह्मीत छोटी ओळ कोरलेली आहे. तिचा अर्थ असा: कान्हाचा शिष्य बालक, याने केले. बस्स. जात नाही, युग नाही. दोन हजार वर्षांपूर्वीचा माणूस एवढंच सांगतो की हे वरून पडलेलं नाही, कुणीतरी केलंय.

दोस्तहो, काळाचा मुलूख कवितेत खुशाल रचा. पण उतार दाखवलात तर तो कुणी खणला ते लिहा, आणि शिखर दाखवलंत तर तिथवर दगड कुणी वाहिले तेही लिहा. नाहीतर आपण नुसते नव्या पोथीचे भट.

माझी ती कविता मी फाडलेली नाही. तिच्याखाली आत्याचा प्रश्न लिहून ठेवलाय. उत्तर जमलं तर पुढच्या अंकाला देईन.